म्हात्रे गुरुजींनी मिशी उतरवली

आमचे म्हात्रे गुरुजी मांडव्याच्या लाँचमध्ये बसले की मिशीवर रुमाल बांधत. खाऱ्या वाऱ्यानं पीळ सुटतो म्हणे. शेजारचा प्रवासी मुकाट्यानं आपलं पाकीट चाचपत बसे. "मिशी हाय तवर मास्तर हाय," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. आमच्या दोन शिक्षकी शाळेतला दुसरा मास्तर मी. माझ्या मिशीला त्यांनी कधी मिशी मानलंच नाही.

यंदा त्यांच्या तिसरीत मानसी आली. कानाला यंत्र आहे, पण ऐकू येतं जेमतेम. गुरुजी शिकवत आणि ती नुसती बघत राही. "दिवाळीपत्तूर बघताव, न्हायतर घरीच ठेवताव," असं तिची आई सांगून गेली.

मी पडलो समावेशक शिक्षणाचं प्रशिक्षण घेतलेला माणूस. सल्ला दिला, "जरा मोठ्यानं शिकवा." गुरुजी आठवडाभर ओरडले. भिंतीपलीकडच्या माझ्या पहिलीला तिसरीच्या कविता पाठ झाल्या, मानसीला काही नाही. मग तालुक्याहून विशेष शिक्षिका आल्या, थोडा वेळ तिच्याशेजारी बसल्या आणि म्हणाल्या, "गुरुजी, ती ओठ वाचते. तुमचे ओठ दिसतात कुठे?"

सोमवारी गुरुजी मिशी उतरवून आले. आमच्याकडे याचा अर्थ एकच, बाप गेला. असं काही विचारायचं नसतं, म्हणून मी विचारलं नाही. परिपाठात सरळ दोन मिनिटं शांतता पाळायला लावली. कुणी पुढारी गेला असेल असं समजून गुरुजीही उभे राहिले.

संध्याकाळी चेहरा पाडून मी त्यांच्या घरी गेलो. त्यांचे वडील, आप्पा, ओट्यावर बसून भाजलेला बोंबील खात होते.

"कोन गेला, मास्तर?"

मी गडबडून म्हणालो, "तुम्ही."

गुरुजींनी मिशी शाळेच्या वाटेवर सलूनमध्ये उतरवली होती. ते अजून घरी पोचले नव्हते. आप्पांना पत्ता नव्हता, तो मी दिला.

"बापूस जिता हाय न यानं मिशी उतरवली," म्हणून आप्पांनी बोलणं टाकलं. घरात माणसं दोनच. गुरुजी मधल्या सुट्टीत डबा न उघडता म्हणाले, "मानसी बोलाया लागली, न आप्पा गप झाले. जेवान जात न्हाय." मला फार वाईट वाटलं, पण पुन्हा सल्ला द्यायची हिंमत नव्हती.

काही दिवसांनी आप्पाच शाळेत आले. मानसीसमोर उकिडवे बसून त्यांनी काहीतरी विचारलं. ती त्यांच्या पांढऱ्या झुपक्याकडे बघत राहिली. त्यांनी पुन्हा विचारलं. मग दोन्ही हातांनी मिशी वर धरली आणि सावकाश म्हणाले, "जेवलीस का गो बाय?"

"व्हय," मानसी म्हणाली.

आप्पा उठले. दारात उभ्या असलेल्या गुरुजींच्या वरच्या ओठावरून त्यांनी अंगठा फिरवला.

"खुंट ऱ्हायलेत," ते म्हणाले. "उद्या मी करून देताव."