आप्पांनी न काढलेली ओळ

आमच्या शेजारचे आप्पा सकाळी दात घासता घासता मधल्या बुटक्या भिंतीपाशी येतात आणि माणसाची नाही, शब्दाची चौकशी करतात. "आक्का, पळण्याला दुसरा शब्द सांगा. धावणं नको, ते काल वापरलंय."

मी चौथी शिकलेली बाई. निपाणीत जन्मभर मांडीवर सूप घेऊन बिड्या वळल्या. शब्द मागायला माझ्याकडं आजवर कुणी आलं नव्हतं. मी म्हटलं, धूम ठोकली लिहा. आप्पांनी तोंडातला फेस तसाच ठेवून वहीत लिहून घेतलं.

त्यांचं काम असं. बेळगावच्या एका हापिसातून त्यांना मोबाइलवरच्या खेळांची माहिती येते. खेळ काय, तो कसा खेळायचा, आणि शेवटी तो चालायला फोनात काय काय लागतं त्याची यादी. तीच माहिती दुसऱ्या शब्दांत लिहून परत धाडायची. आलेल्या माहितीतलेच शब्द फार सापडले की हापिसातली स्मिता लाल खुणा करून परत पाठवते. आप्पा आधी छापखान्यात लग्नपत्रिकांसाठी अक्षरांचे खिळे जुळवायचे. तिथं एक शब्द बदलला तर शिव्या बसायच्या. इथं बदलला नाही तर बसतात.

शब्दकोश त्यांच्या कपाटात आहे, पण ते उघडत नाहीत. "जो शब्द गल्लीत कुणी बोलत न्हाय, तो मी लिहिणार न्हाय." स्मितानं 'आवश्यक'च्या जागी 'अनिवार्य' सुचवलं, तेव्हा आप्पांनी तिला सांगितलं, निपाणीत ये आणि अनिवार्य म्हणणारा एक माणूस दाखव, मग लिहितो. शेवटी 'हे असल्याशिवाय चालायचं नाही' असंच लिहून पाठवलं. एकदा राक्षसाला दुसरा शब्द हवा होता. समोरच्या शेवंतानं सासूचं नाव सांगितलं. आप्पांनी ते लिहून घेतलं आणि वर आडनावही विचारलं.

गेल्या महिन्यात चौकाबाऱ्याचा खेळ आला. घरं आखून, कवड्या टाकून आपण खेळतो तोच, आता फोनात. यादीत दोनच गोष्टी होत्या, दोन जीबी मोकळी जागा आणि चांगलं नेट. आप्पांनी दोन्ही ओळी बदलल्या आणि खाली आपली तिसरी घातली: 'समोर बसायला एक माणूस.' ती परत आली. त्यांनी पुन्हा घातली. पुन्हा आली. मग स्मितानं फोन केला की समोरून फोनच खेळतो, ही ओळ काढा, नाहीतर पुढचं काम मिळणार नाही.

आप्पा भिंतीपाशी आले. "शब्द बदलायचं काम माझं. खोटं लिहायचं न्हाय. काढणार न्हाय म्हणून सांगितलं."

"आणि काम गेलं म्हणजे?"

"जाऊ दे की."

मला ते पटलं. पण हा माणूस तणतणत उपाशी बसेल, म्हणून दुपारी आमटी घेऊन गेले. दार उघडंच होतं. आप्पांनी फरशीवर खडूनं चौकाबारा आखला होता. अलीकडं एक पाट, पलीकडं एक. त्यांची बायको दोन वर्षं पुण्याला आहे, लेकीच्या बाळाला सांभाळायला. आप्पांनी आपल्या कवड्या टाकल्या, सोंगटी सरकवली. मग गुडघे धरून उठले, पलीकडच्या पाटावर जाऊन बसले, तिच्या कवड्या टाकल्या, तिची सोंगटी सरकवली आणि परत आपल्या जागी आले.

"कोण जिंकतंय?" मी विचारलं.

ते दचकले. "ती. रोज तीच."

मी डाव बघितला. तिची सोंगटी मारायची सोडून हे आपलीच मागं ठेवत होते.

मी आमटी खाली ठेवली आणि पलीकडच्या पाटावर बसले. "मी तुमची बायको न्हाय. सोंगटी वाटंत आली की मारणार."

त्यांनी कवड्या माझ्याकडं सरकवल्या. तेवढ्यात फोन वाजला. स्मिता शेवटचं विचारत होती.

"न्हाय काढत, बाळ," आप्पा म्हणाले. "आणि आता ठेव. समोर माणूस बसलंय."

फोन त्यांनी पालथा घातला. तोवर मी कवड्या टाकल्या आणि त्यांची सोंगटी मारली.