मंधातली मित्रा

संघमित्रा गजभियेच्या हातात चहाचा कप द्यायचा तर आधी थोडं थांबावं लागतं. कप घेण्यापूर्वी ती एकदा डाव्या खांद्यावरून मागे पाहते, एकदा उजव्या, आणि मगच हात पुढे करते. आमच्या ऑफिसात ती रुजू झाली त्या दिवशी तिच्यामागे नुसती भिंत होती. तिने भिंतीकडे दोनदा पाहिलं. मग मी पाहिलं. मग चहावाल्यानेही पाहिलं.

"काय शोधून राहिली वं?" मी विचारलं.

"मागून कोणी येऊन तर नाही राहिलं, ते पायते, काकाजी. बॉल आल्यावर जो पायते तो कामातून गेला. आधीच पाहून ठेवा लागते."

"पण हा चहा आहे."

"सवय आहे," ती म्हणाली, आणि कप तोंडाला न लावता शेजारच्या टेबलावर सरकवून दिला.

मित्रा खेळाडूंच्या कोट्यातून आमच्या सरकारी कार्यालयात लागली. खरा धंदा फुटबॉल. वर्षातले काही महिने ती क्लबाच्या करारावर बाहेरगावी खेळायची आणि उरलेले महिने माझ्या शेजारच्या टेबलावर बसायची. मैदानात जागा मिडफिल्ड, तिच्या भाषेत 'मंधात'. आपल्या नावाचा अर्थ ती असा सांगते: "संघाची मैत्रीण. बाबांनी नाव ठेवलं बुद्धाकडे पाहून, लागू पडलं टीमले."

तिचे वडील सावनेरला कोळशाच्या खाणीत होते. दोघं मोठे भाऊ क्वार्टरांमागच्या मैदानात खेळायचे. एक दिवस एक गडी कमी पडला, म्हणून दहा वर्षांच्या बहिणीला ओढून नेलं आणि सांगितलं, "मंधात उभी राय. कोणाच्या आड येऊ नको." मित्रा म्हणते, "बावीस वर्षं झाली, काकाजी, मी तेच करून राहिली."

सतराव्या वर्षी ती नागपूरला आली, एकविसाव्या वर्षी दक्षिणेतल्या एका क्लबाने तिला करारावर घेतलं. तिथे एक खेळाडू मणिपूरची, एक केरळची, कोणाचं कोणाला कळेना. मित्राने त्यांची भाषा शिकण्याऐवजी सगळ्यांना आपली शिकवली. हंगामाच्या शेवटी मणिपूरची मुलगी भर सामन्यात ओरडायची, "काहून थांबली वं, पय ना!" एका पंचाला 'काहून' ही शिवी वाटली. त्याने त्या मुलीला पिवळं कार्ड दाखवलं. मित्रा धावत गेली आणि तिने पंचाला विचारलं, "काहून?" दुसरं पिवळं कार्ड तिला मिळालं.

तीन क्लब, आठ हंगाम, दोनदा देशाच्या संघाचं शिबिर, आणि दोन्ही वेळा शेवटच्या यादीतून नाव गळालेलं. एवढ्या सगळ्या कारकिर्दीत गोल एक. तोही ती मागे वळून पाहत असताना कोणीतरी मारलेला चेंडू तिच्या डोक्याच्या मागच्या बाजूला लागला आणि जाळ्यात गेला म्हणून. मैत्रिणींनी तिला उचलून घेतलं तेव्हा ती विचारत होती, "कोणी मारला?" त्या गोलाचा विषय काढला की ती आजही लाजते. "तो धरू नका," म्हणते.

ऑफिसातही तिचं तत्त्व तेच, जवळ काही ठेवायचं नाही. फाइल आली की एका टचमध्ये पुढे. आमचे भोयर साहेब आधी फार खूश झाले, कारण तिच्या टेबलावर कागद उरत नसे. मग त्यांचा स्वतःचा रजेचा अर्ज अकरा मिनिटांत पाच टेबलं फिरून रद्दीच्या खोलीत पोचला. साहेब चिडले. मित्रा म्हणाली, "माह्याकडून पास बरोबर होता, सर. पुढच्यानं संभाळला नाही."

एकदा तिच्या क्लबाचा सामना नागपुरातच होता. आम्ही अख्खं ऑफिस बघायला गेलो. भोयर साहेबांनी हार आणला होता, मित्राने गोल मारला की घालायला. आम्ही सगळे चेंडूकडे पाहत होतो आणि चेंडूपाशी मित्रा कधीच नव्हती. ती तिथून आताच गेलेली असायची. तिचा संघ दोन गोलांनी जिंकला. साहेब हार घेऊन मला हळूच म्हणाले, "धोटे, जिंकलो ते ठीक आहे. पण ही नेमकं करते काय?"

हे तिच्या कानावर गेलं. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत तिने सगळ्यांचे डबे टेबलावर मांडले. माझा डबा गोलकीपर, लोणच्याची बरणी मित्रा, भोयर साहेबांची वांग्याची भाजी सेंटर फॉरवर्ड. मग बरणी फिरवत फिरवत तिने दाखवलं की चेंडू कुठून येतो, ती कोणाला ओढून बाजूला नेते, मध्ये कशी जागा खाली, म्हणजे मोकळी, होते. आम्ही तोंड उघडं टाकून पाहत होतो. आता गोल होणार, तेवढ्यात साहेबांना राहवलं नाही. त्यांनी सेंटर फॉरवर्ड उचलला आणि पोळीशी खाल्ला.

"असंच होते," मित्रा म्हणाली. "मी पास देते अन् समोर कोणी नसते."

पुढच्या हंगामात तिचा गुडघा गेला. पास देऊन झाल्यावर, चेंडू वीस हात लांब असताना, कोणीतरी येऊन आदळलं. ऑपरेशन झालं. क्लबाने दोन ओळींचं पत्र पाठवून करार संपवला. मित्रा कुबडी घेऊन ऑफिसात आली आणि गुडघ्याबद्दल घरातल्या रुसक्या आत्याबाईसारखी बोलायला लागली. "आज ती जिना नाही चढत म्हणते." "आज तिचा मूड बरा आहे." गुडघ्याच्या रिपोर्टांची तिने रीतसर फाइल केली आणि तिला जावक क्रमांक दिला. हीच एक फाइल मी तिच्या टेबलावर टिकलेली पाहिली.

आठ महिन्यांनी डॉक्टरांनी चेंडूला हात, म्हणजे पाय, लावायची परवानगी दिली. ती रोज जेवणाच्या सुट्टीत सायकल स्टँडच्या भिंतीवर चेंडू मारायला लागली. धप, धप, धप. भिंतीपलीकडे साहेबांची खोली होती. लेखी आदेश निघाला: भिंतीस चेंडू मारण्यास मनाई आहे. मित्राने लेखी विचारलं: तक्रार भिंतीची आहे की साहेबांची?

मग एक दिवस ती माझ्या टेबलापाशी येऊन उभी राहिली.

"काकाजी, सकाळी टाइम राहते का तुमाले? अर्धा घंटा."

"कशाला?"

"भिंत बॉल परत देते, पण हलत नाही. मले हलणारा माणूस पाहिजे."

मी चोपन्न वर्षांचा. माझं हलणं म्हणजे खुर्ची मागे सरकवणं. तरी दुसऱ्या दिवशी सहा वाजता मी चामड्याच्या बुटांत मैदानावर हजर होतो. पहिला चेंडू मी हाताने पकडला. दुसरा पोटाने अडवला. तिसऱ्याला किक मारली तेव्हा चेंडू तिथेच राहिला आणि बूट मित्राकडे गेला. तिने तो पायाने थांबवून अचूक माझ्यापाशी परत पाठवला.

"खाली जागेत पया, काकाजी!"

"कुठे आहे खाली जागा?"

"तुमी सोडून सगळीकडे!"

फिरायला येणारी माणसं थांबून बघायची. एका आजोबांनी मला विचारलं, डॉक्टरांनी सांगितलं का? घरी मंदा, माझी बायको, म्हणाली, "या वयात हे काय काढलं?" आणि दुसऱ्या दिवशी बाजारातून माझ्यासाठी कॅनव्हासचे बूट घेऊन आली. साडेपाच महिने आम्ही खेळलो. मी रोज बोंबलत धावायचो आणि ती रोज मला सांगायची की मी कालच्यापेक्षा बरा आहे. ते खोटं होतं. मला वाटायचं, सकाळी हिला दुसरं कोण मिळणार? ऑफिसात लवकर उठणारा मी एकटाच. मैत्रिणींचे तर तिला दिवसभर फोन यायचे, तिच्या फोनात अर्ध्या हिंदुस्थानाचे नंबर होते. संध्याकाळी ती त्यांच्यासोबत खेळत असेल, असं मी धरून चाललो होतो.

मग ती एका नव्या क्लबाच्या चाचणीला गेली. चार दिवसांनी फोन आला. "घेतलं, काकाजी. एका हंगामासाठी. ती पण तयार आहे." ती म्हणजे गुडघा. परत आल्यावर आमचा सकाळचा खेळ पुन्हा सुरू झाला.

बाहेरगावी खेळायचं तर रजेसाठी ऑफिसची मंजुरी लागते. तिच्या अर्जाला क्लबाचा फॉर्म जोडलेला होता. तपासायला तो माझ्याकडे आला. जन्मतारीख, वजन, ऑपरेशनचा तपशील, सगळं बरोबर होतं. शेवटच्या पानावर विचारलं होतं: दुखापतीनंतरच्या काळात तुमच्यासोबत सराव केलेले खेळाडू. खाली दहा ओळी होत्या. पहिल्या ओळीत मित्राने सुवाच्य अक्षरात लिहिलं होतं: वसंत धोटे, वय ५४. उरलेल्या नऊ ओळींवर पट्टी लावून एक तिरपी रेघ मारली होती.

मी स्वतःच उठून फॉर्म साहेबांकडे घेऊन गेलो.

भोयर साहेबांनी चष्मा वर करून वाचलं. "धोटे, हे खेळाडू म्हणजे तुम्ही?"

"हो."

त्यांनी माझ्या पोटाकडे पाहिलं. हसायला तोंड उघडलं. मग त्यांची नजर त्या रेघेवर गेली आणि तिथेच थांबली.

"एकच नाव आहे," ते म्हणाले.

"हो, सर."

साहेबांनी तोंड मिटलं आणि सही केली. मी कागद उचलायला गेलो, तर त्यांनी तो हाताखाली धरून ठेवला.

"जायला अजून किती दिवस आहेत तिला?"

"नऊ."

"उद्या किती वाजता जाता तुम्ही मैदानावर?"