किसननाना आणि राहिलेली बारी

किसननानांनी मुलाखतीत माझी डिग्री बघितलीच नाही. फाईल मी उघडून समोर ठेवली होती. ती त्यांनी चहाच्या कपाला जागा करायला बाजूला सारली आणि विचारलं, "घरात कुणाचं काय दुखतंय?"

मला वाटलं, थट्टा चाललीय. पण ते उत्तराची वाट बघत होते. म्हटलं, "अण्णांची कंबर."

आमचे अण्णा चाकणला एका प्रेस शॉपमध्ये हेल्पर होते, ठेकेदाराकडून. पिंपळे गुरवला एका खोलीत आम्ही चौघं. एके दिवशी डायचा जड लोखंडी साचा उचलताना त्यांच्या कमरेत काहीतरी सरकलं. बरेच दिवस उताणे पडून होते. मग जरा उठता-बसता यायला लागल्यावर काठी टेकत कामावर गेले, तर गेटवरच्या माणसानं सांगितलं, तुमच्या जागी दुसरा लावलाय. अण्णा परत आले आणि न उघडलेला डबा त्यांनी आईच्या हातात दिला. त्यानंतर आईनं शिफ्टच्या पोरांचे डबे करायला घेतले, धाकट्यानं पेपर टाकले, आणि मी अण्णांच्या उशाशी बसून बारावी केली. फिजिओथेरपीला गेले ती त्या कमरेच्या रागानं. आमच्या घरात कॉलेजचं तोंड बघितलेली मी पहिली. हे मी कुठेही, कुणालाही सांगते.

"मग बरी केलीस का कंबर?" नाना.

"जिना चढतात आता. वजन मात्र उचलू देत नाही मी."

"मग झालं की! कागदं कशाला आणलीस एवढी?"

अशी मी 'चाकण चौखूर' या व्यावसायिक बास्केटबॉल संघाची फिजिओ झाले.

व्यावसायिक म्हटल्यावर डोळ्यांपुढे रोषणाई आणू नका. आमची लीग लहान. मोजके संघ, दोन-अडीच महिन्यांचा सीझन, सामने शहरातल्या एकाच इनडोअर हॉलमध्ये. आमची बस सकाळी पहिल्या शिफ्टचे कामगार सोडायची आणि मग खेळाडूंना न्यायची. तिच्या सीटा साध्या माणसाच्या मापाच्या. साडेसहा फुटांची पोरं गुडघे हनुवटीला लावून बसायची, आणि हॉलवर उतरली की पहिला अर्धा तास मी त्यांना सरळ करण्यात घालवायची.

संघाचे मालक किसननाना. चाकणजवळच्या गावातले जुने शेतकरी, शेतात आता गोदामं उभी. सत्तरीचे, पांढरा पायजमा-शर्ट, डोक्यावर टोपी, आणि आवाज असा की हॉलमध्ये माईक लागू नये. पण त्यांचं खरं नाव झालं होतं ते बैलगाड्यात. आमच्या भागात शर्यत घाटात होते. गाडा चढावर पळवायचा, पुढे घोडीवरचा स्वार, आणि एका वेळी एकच गाडा, घड्याळाशी स्पर्धा. त्या एका पळण्याला म्हणतात बारी. नानांचा गाडा घाटात सुटला की निवेदक 'झाली, झाली, झाली' असा पुकारा करायचा आणि लोक हातातला चहा तसाच ठेवून उभे राहायचे. मग शर्यतींवर बंदी आली, काही वर्षं राहिली, आणि उठलीही. पुन्हा घाट भरले. सगळे जुने गाडामालक परतले, नाना तेवढे परतले नाहीत. चावडीवर, चहाच्या टपरीवर, सगळ्यांना हे कोडं होतं. कुणी विचारलंच तर नाना म्हणायचे, "येळ कुठाय राव? ही पोरं कोण सांभाळणार?"

पोरं सांभाळायची त्यांची पद्धत एकच होती आणि ती गोठ्यातून आली होती.

खेळाडू निवडताना आमचे कोच केदारसर लॅपटॉप उघडून बसले होते. वाकडच्या अकराव्या मजल्यावर राहणारा, मोजूनमापून बोलणारा माणूस. लातूरकडचा अंकुश आत आला. नाना खुर्चीवरून उठले, त्याच्याभोवती एक फेरी मारली, पोटरी दाबून बघितली आणि म्हणाले, "वाक."

तो वाकला.

"आ कर."

"काय करायलाव नाना? मी काय बैल हाव का?"

"आ कर म्हंतो ना!"

त्यानं आ केला. नानांनी चष्मा कपाळावर चढवून दात बघितले. "तिशी कवाच वलांडली की रं तू."

अंकुशचे कान लाल झाले. सरांनी स्क्रीनकडे बघून हळूच मान डोलावली; तिथंही तेच लिहिलं होतं. सरांना तरुण पोरगा हवा होता. पण नाना म्हणाले, "घ्या. नजर शांत हाय त्येची. ह्यो पुढं आसला की बाकीची बुजायची न्हाईत." आणि त्याला कॅप्टन केला.

पहिला सामना मी कधी विसरणार नाही. शिट्टी वाजली, दोन्ही संघ धावायला लागले आणि नाना ताडकन उभे राहिले. "आरं थांबवा! दोन्ही गाडं एकदम सोडलं की! एकेकाची बारी घ्या!"

सरांनी त्यांना हाताला धरून बसवलं. समजावलं की इथं दोघं एकदमच खेळतात, एकमेकांना अडवतात. नानांना ते फार खालच्या दर्जाचं वाटलं. "पळणाऱ्याला आडवायचं? आमच्यात आसं केलं तर गावात तोंड दाखवता येत न्हाई." थोड्या वेळानं त्यांची नजर काळ्या-पांढऱ्या शर्टातल्या, खेळाडूंबरोबर धावणाऱ्या पंचांवर गेली. मला कोपरानं ढोसून म्हणाले, "डाक्टरीणबाई, ही आपली घोडी का?"

"नाना, ते पंच आहेत. आणि मी डॉक्टर नाही, फिजिओ."

"त्येच त्ये. पण दोन्ही गाड्यांना मिळून घोड्या वापरायच्या म्हंजी आवघड हाय."

दुसरा सामना आम्ही जिंकलो. बारी चांगली झाली की गुलाल उधळायचा, ही जन्माची सवय. नानांनी पिशवीतून गुलाल काढून थेट लाकडी कोर्टवर उधळला. पुढच्या सामन्याचे दोन खेळाडू त्यावरून घसरले, संयोजक धावत आले, आणि कोर्ट पुसता पुसता पुढचा सामना लांबला. तेव्हापासून नानांना ताकीद होती: गुलाल फक्त पार्किंगमध्ये. मग ते जिंकल्यावर बाहेर जाऊन बसच्या पुढच्या चाकाला गुलाल लावायचे. हरलो तर चाकावरून नुसता हात फिरवायचे. म्हणायचे, "तिचा काय दोष?"

तिसऱ्या सामन्यात अंकुश उडी मारून खाली आला आणि उठलाच नाही. गुडघा.

आमच्या लीगचा नियम असा होता की अर्धा सीझन होईपर्यंत जखमी खेळाडूला सोडून त्याच्या जागी दुसरा घेता येतो. सोडलेला मात्र त्या सीझनला परत येऊ शकत नाही. सरांच्या नजरेत नागपूरचा एक पोरगा होता, तयार. कपडे बदलायच्या खोलीत आम्ही चौघंच होतो. सर, मी, नाना आणि बाकावर पाय लांब करून अंकुश.

"तुझं म्हणणं सांग," सर मला म्हणाले.

मी खरं ते सांगितलं. ऑपरेशन लागणार नाही, गुडघा बरा होईल. पण खेळलाच तर शेवटचा सामना, तोही काही मिनिटं.

"म्हणजे उरलेला सीझन आपण एक माणूस कमी घेऊन खेळायचं," सर म्हणाले. "नाना, सेमीफायनल हातची जाईल. मला वाईट वाटतं, पण हे गणित आहे."

त्यांचं चुकत नव्हतं. अंकुशनं बॅग आधीच भरली होती. तो म्हणाला, "सर बरोबर बोलायलेत नाना. सोडा मला. आता ह्या वयात दुसरं कोण घेतंय म्हणा. पण तुमचा सीझन कशाला खराब करू?" आणि त्यानं बॅगेचा पट्टा खांद्यावर घेतला. मला आमच्या अण्णांच्या हातातला डबा दिसला. पण निर्णय माझा नव्हता.

नानांनी वाकून त्या गुडघ्यावरून हात फिरवला.

"बॅग ठिव खाली."

"नाना, सेमीफायनल..." सर म्हणाले.

"ऱ्हाऊ द्या सेमीफायनल. लंगडला म्हणून बाजार दाखवायचा? आमच्या दावणीला आसलं झालं न्हाई. चल रं, घरी चल. मळ्यात ऱ्हा."

अंकुश नानांच्या मळ्यातल्या घरी राहायला गेला आणि मी रोज दुपारी चाकणला जाऊ लागले. गोदामांच्या मधोमध अजून एक तुकडा हिरवा होता, तिथं घर, आणि घरापेक्षा नीटनेटका गोठा. गोठ्यात एक म्हातारा पांढरा बैल. त्याच्या डोक्यावर पंखा, पायाखाली रबरी मॅट. नाव मन्या.

पहिल्याच दिवशी नानांशी माझं भांडण झालं. मन्याच्या सांध्यांना लावायचं तेल त्यांनी अंकुशच्या गुडघ्याला चोपडलं होतं. खोलीभर वास.

"नाना, हे माणसाला लावायचं नसतं!"

"मन्याला इचार, गुण येतो का न्हाई."

"मन्या चार पायांवर उभा असतो!"

"मग ह्येला तर निम्मंच तेल लागंल," नाना म्हणाले. अंकुश हसून हसून आडवा झाला. दुखावल्यापासून पहिल्यांदा हसला होता.

एका दुपारी मी अंकुशला गोठ्यासमोर हळूहळू चालवत होते. नाना मन्याचं अंग पुसत होते. मी सहज विचारलं, "नाना, बंदी तर उठली. मग तुम्ही गाडा का जुंपत नाही?" नेहमीचं उत्तर येईल असं वाटलं होतं.

नानांचा हात मन्याच्या पाठीवर थांबला.

"बंदी आली तवा ह्यो ऐन भरात हुता. घाटाची वाट दिसली की वढ घ्यायचा. त्येला काय कळतंय बंदी? मग मी रोज सांजच्याला न्यायचो घाटात. मोकळा घाट, काळं कुत्रं न्हाई. मीच खाली हुबा ऱ्हाऊन वरडायचो, किसननानांचा मन्या, झाली, झाली, झाली... आन् ह्यो जायाचा वर चालत. वर जाऊन मागं वळून बघायचा. माणसं कुठायत म्हणून." त्यांनी फडकं पिळलं. "बंदी उठली तवर ह्येचं दात झिजलं. आता ह्येला काय कोर्टाचा कागद दाखवू? ह्यो समजून बसलाय, मालकानंच न्हेलं न्हाई."

अंकुश चालता चालता थांबला.

"ह्येच्या डोळ्यादेखत दुसरा जुपू व्हय?" नाना म्हणाले, आणि एकदम गड्याला हाक मारत वैरणीच्या नावानं ओरडत निघून गेले.

सीझन सर म्हणाले तसाच गेला. एक माणूस कमी, दमलेली पोरं, हातातोंडाशी आलेले सामने निसटले. शेवटच्या सामन्याआधीच सेमीफायनलचा प्रश्न मिटला होता. त्या सामन्याला मी अण्णांना घेऊन गेले. पहिल्यांदाच. ते हॉलच्या पायऱ्या कठडा न धरता चढले आणि आमच्या बाकामागच्या ओळीत बसले.

सामना संपत आला तेव्हा आम्ही बरेच मागे होतो. सरांनी माझ्याकडे बघितलं. "जाऊ दे का त्याला?"

सकाळी मी अंकुशचा गुडघा सगळ्या बाजूंनी तपासला होता. "जाऊ द्या. उड्या मात्र नाहीत."

अंकुश उठला, नी-कॅप वर ओढली आणि कोर्टात शिरला. तेवढ्यात निवेदकाच्या टेबलाजवळ गडबड झाली. निवेदक बिचारा हिंदी-इंग्रजीत खेळाडूचा नंबर सांगत होता, आणि नानांनी त्याच्या हातातून माईक काढून घेतला.

"ऐका हो ऐका! लातूरकर अंकुशची बारी सुटतीय! सगळ्यांनी बघा! झाली... झाली..."

हॉल आधी हसला. मग आमच्या भागातलेच लोक ते. त्यांच्या तोंडी ते शब्द आपोआप आले. अख्खा हॉल 'झाली, झाली' ओरडायला लागला. अंकुशचा पहिला बॉल कड्यावर आपटून बाहेर आला. दुसरा आत गेला. लोक उभे राहिले. मी नानांकडे बघितलं. माईक त्यांच्या तोंडासमोरच होता, पण आवाज निघत नव्हता. पुढचं 'झाली' लोकांनीच पुरं केलं.

आम्ही हरलो. बाहेर पार्किंगमध्ये नानांनी खिशातून गुलालाची पुडी काढली आणि बसच्या चाकाजवळ उभे राहिले. मग पुडी पुन्हा खिशात ठेवली.

"हरलो म्हणून ना?" मी विचारलं.

"न्हाई. घरी न्हेतो," नाना म्हणाले. "मन्याला लावायचाय."

चाकण चौखूर त्या सीझनला खालून दुसरी आली. अंकुश शेवटच्या सामन्यापर्यंत आमचा कॅप्टन होता, आणि बसमध्ये स्वतःच्या पायांनी चढला. अण्णा सामना संपेपर्यंत त्या लाकडी बाकावर ताठ बसून होते.