लंका इथं राहत नाही

पासपोर्ट कचेरीचं पाकीट फोडलं हर्षलनं, पण भडका उडाला त्याच्या बापाचा, बहिरूचा. पत्रातली कामाची ओळ एकच होती: सदर पत्त्यावर अर्जदार राहत नसल्याचा पोलिसांचा अहवाल आहे, सबब पासपोर्ट देता येत नाही.

“राहत नाय? माझी बायको माझ्या घरात राहत नाय?” बहिरूनं दारातली फुलांची पाटी लाथेनं उडवली. ओसरीभर झेंडू पसरला. “मग रोज भाकऱ्या थापते ती कोण हाय? कुणी लिहिलं हे? नाव सांग मला त्याचं!”

बहिरूला रागवायला एरवी कारण लागत नसे. चहात साखर कमी पडली तरी पुरे. आज मात्र कारण खरं होतं. मस्कतला दिलेली लेक, मनीषा, पहिलटकरीण होती. तिला सासू नव्हती, जावई दिवसभर कामावर, आणि फोनवर ती “आई, तू येशील ना?” एवढंच विचारून रडायला लागायची. तिच्या आईनं, कलाबाईनं, डिंकाचे लाडू, बाळंतशेपा, जुन्या लुगड्यांची दुपटी असं सगळं बांधून ठेवलं होतं. अडलं होतं ते पासपोर्टावाचून.

मखमलाबादच्या मळ्यातून सुटलेली बहिरूची मोटारसायकल थेट पोलीस ठाण्याच्या दारात थांबली. मागे हर्षल. ओझरच्या कारखान्यातून हाफ डे टाकून आलेला आणि बाप आता काय बोलतो या धाकानं घामाघूम झालेला.

“कोण तो शहाणा?” आत शिरताच बहिरूनं आवाज लावला. “खुर्चीत बसून रिपोर्ट लिहितो! घरी यायला काय पाय मोडले होते का?”

कोपऱ्यातल्या हवालदारानं मान वर केली. “मीच लिहिला. आणि घरी आलो होतो. विहिरीवर तुम्हीच तर भेटलात.”

“मी?”

“लाइट गेली होती, तुमची मोटार बंद होती आणि तुम्ही वीज मंडळाला शिव्या देत होता. मी विचारलं, लंकाबाई इथंच राहतात ना? तुम्ही म्हणालात, इथं लंकाबिंका कुणी नाय, घर चुकला. मी म्हटलं, नक्की? त्यावर तुम्ही म्हणालात, माझं घर मला म्हाईत नाय का? लिहून घ्या, कुणी नाय! मी लिहून घेतलं.”

“बरोबरच हाय!” बहिरू गरजला. “ही लंका कोण?”

हर्षलनं डोळे मिटून घेतले. “आण्णा, आई.”

हवालदारानं पेनाचं टोपण लावलं आणि बहिरूकडे नीट पाहिलं.

गोष्ट खरी होती. लग्नात बहिरूची आई कुसाबाई अडून बसली होती. पंचवटीत रामाच्या पाया पडणारं घर आपलं, आणि उंबऱ्याच्या आत लंका? नाही चालायची. मग ताटात तांदूळ पसरले गेले, बहिरूनं अंगठीनं त्यात ‘कला’ असं लिहिलं आणि पोरीचं पहिलं नाव कायमचं मिटलं. शाळेच्या दाखल्यावर मात्र ते जसंच्या तसं होतं. जन्मतारखेला पुरावा तोच, म्हणून हर्षलनं अर्ज त्याच नावानं भरला. बापाला सांगायचं तेवढं राहिलं, कारण बापाला काही सांगायचं तर आधी त्यानं शांत व्हायला हवं, आणि तो योग काही आला नाही.

“लंका आणि कला एकच, असा कागद आणा,” हवालदार म्हणाला. “लग्नाचा दाखला चालेल.”

“आख्खं गाव जेवलंय लग्नात! आणखी दाखला कशाला?”

“जेवण पचलं असेल आता. कागद आणा.”

त्या काळी लग्नं नोंदवायची कुणी? मग आता नोंदवणं आलं. शेजारच्या नाथासकट तीन साक्षीदार गोळा केले. आजोबा व्हायच्या वयात नवरदेव होऊन बहिरू विवाह नोंदणीच्या रांगेत उभा राहिला आणि रांगेवर, पंख्यावर, नाथाच्या हसण्यावर चिडत राहिला.

टेबलामागच्या बाईंनी अर्ज पुढे ओढला. “वधूचं शिक्षण?”

“वधू कसली? नातवंड येऊ घातलंय!”

“शिक्षण विचारलं मी.”

बहिरूनं बायकोकडे पाहिलं. त्याला ते ठाऊक नव्हतं.

“सातवी,” कलाबाई म्हणाली.

“लग्नानंतरचं नाव काय लिहू?”

“कला,” बहिरू म्हणाला.

“तुम्हाला नाही विचारलं. बाई, तुम्ही सांगा.”

कलाबाईनं पदर सारखा केला. “लंका.”

“अगं, डोकं फिरलं का तुझं?”

“फिरलंय! माझ्या बापानं ठेवलेलं नाव, आणि तुम्ही परक्या माणसाला सांगता अशी बाई इथं नाय म्हणून? तुमच्या ध्यानात बी नव्हतं! मला काय राग येत नाय का? लय येतो. पण काढायचा कधी? घरातला सगळा राग तुम्ही एकटेच वापरून टाकता.”

नाथाचं हसणं थांबलं. बाईंनी ‘लंका’ लिहिलं आणि त्याखाली रेघही मारली.

“अर्ज लंकाचाच, दाखलाही लंकाचाच, पासपोर्टाला आता अडचण नाही,” त्या म्हणाल्या. “फक्त रेशनकार्ड, मतदार यादी, बँक, सगळीकडं कलाची लंका करून घ्या. चकरा पडतील थोड्या.”

“पडतील म्हणजे? कोण मारणार त्या? आणि घरात हिला हाक काय मारू मी?”

“काय पण मारा,” लंकाबाई म्हणाली. “मी मस्कतला असणार.”

बहिरूनं तोंड उघडलं. काहीतरी जोरात बोलायचं म्हणून छातीभर श्वासही घेतला, पण तो तसाच सोडून दिला. बाईंनी दाखवलेल्या जागी त्यानं सही केली आणि खाली मान घालून त्यांना विचारलं, “रेशनचं ऑफिस कोणत्या बाजूला म्हणालात?”