झिराडकरांचे राजे

आमच्या मजल्यावरचे एझ्रा झिराडकर लिफ्टमध्ये शिरले की आधी दार बंद व्हायला किती सेकंद लागले ते घड्याळात बघतात आणि मग एखाद्या राजाला फैलावर घेतात. घड्याळात बघणं हा त्यांचा धंदा. सत्तरी उलटली तरी ते दुबईभर लिफ्टची तपासणी करत फिरतात. राजे हा मात्र निव्वळ छंद. "शलमोनाने मंदिर बांधलं म्हणून सगळे नाचतात, मेधा. पण दगड कोणी वाहिले? सक्तीने धरून आणलेल्या मजुरांनी! आणि हा म्हणे मोठा शहाणा!" सातव्या मजल्यावरून खाली येईपर्यंत शलमोनाची सालटी निघालेली असतात. आमच्याबरोबर उतरणारा सहाव्या मजल्यावरचा फिलिपिनो शेजारी अदबीने मान हलवतो. त्याला वाटतं, काका घरमालकाबद्दल बोलतायत.

आम्ही दुबईच्या अल बर्शात राहायला आलो तेव्हा शेजारच्या दारावरची पाटी वाचून मी हरखले होते. झिराड म्हणजे आपलं अलिबागजवळचं! चारच दिवसांवर गणपती होते, म्हणून आमंत्रण द्यायला गेले. काकांनी मला आत बसवलं आणि सगळं एका दमात उरकलं. "आम्ही बेने इस्राएल. मराठी ज्यू. पूर्वज कोकणच्या किनाऱ्यावर जहाज फुटून आले, ते तिथलेच झाले. तेलाचा घाणा चालवायचे, शनिवारी बंद ठेवायचे, म्हणून गावाने नाव ठेवलं शनवार तेली. आरतीला उभा राहणार नाही. नैवेद्य दाखवायच्या आधीचे मोदक बाजूला काढून ठेवशील का?" मी सात काढून ठेवले. काका सातही संपवून गेले.

त्यांचं लाडकं वाक्य एकच: "राजा हवा होता ना? घ्या आता!" ते आलं शमुवेलच्या गोष्टीतून. शमुवेल हा जुना संदेष्टा. लोक त्याच्याकडे गेले आणि म्हणाले, शेजारच्या सगळ्यांना राजा आहे, आम्हालाही पाहिजे. म्हातारा म्हणाला, देतो, पण राजा तुमची पोरं नेईल, त्यांना रथापुढे पळवील. लोकांनी ऐकलं नाही. काकांच्या मते जगाचा सगळा इतिहास एवढाच आहे. बिल्डिंगचा नवा मॅनेजर आला आणि दोन दिवस एसी बंद पडला, तेव्हाही काका जिन्यात उभे राहून म्हणाले, "जुना नको होता ना तुम्हाला? घ्या आता!"

आजच्या नेत्यांवर मात्र ते अवाक्षर काढत नाहीत. "परक्या देशात व्हिसावर राहायचं तर तोंड सांभाळावं. मेलेल्या राजांवर बोलायला परमिट लागत नाही." पण एखाद्या दिवशी ते शौल राजावर इतके उखडायचे, की तीन हजार वर्षांपूर्वीच्या माणसाने आज सकाळी काय केलं असेल ते मी मोबाइलवर बातम्या उघडून बघायची.

हे वेड आलं कुठून ते मला सारा काकूंनी सांगितलं. त्यांचा एकुलता एक मुलगा डॅनियल. पंचवीस वर्षांपूर्वी तो इस्राएलला कायमचा निघाला. "तिथे मला 'तू मूळचा कुठला' असं कोणी विचारणार नाही," म्हणाला. काकांनी मुंबईच्या विमानतळावर, सगळ्या सामानाच्या ढिगात उभं राहून, त्याला शमुवेलचं ते प्रकरण मोठ्याने वाचून दाखवलं. डॅनियल ट्रॉली ढकलत आत गेला. पुढे त्याने तिकडच्याच, मूळ मोरोक्कोच्या घराण्यातल्या मुलीशी लग्न केलं. काकू गेल्या, काका गेले नाहीत. फोनही केला नाही. कारण तयार होतं: दुबईतून तिकडे फोन लागतच नव्हता. काकू मुंबईला गेल्या की तिथून सुनेशी तासन्‌तास बोलायच्या.

मग दोन्ही देशांत करार झाला. फोन लागायला लागले, विमानं सुरू झाली, तीन-साडेतीन तासांत माणूस पोहोचायला लागला. सगळी दुबई खूश होती आणि झिराडकर काका लिफ्टमध्ये धुसफुसत होते. "राजांनी सह्या केल्या आणि माझी पंचाईत केली!"

त्यानंतर वर्षभरातच काकू गेल्या. त्यांना ठाण्याला पुरलं. डॅनियल आला होता. दुखवट्याचे सात दिवस बापलेक एका खोलीत जमिनीवर बसले आणि पाण्याच्या तांब्यापुरतं बोलले.

इस्राएल आणि गाझात युद्ध सुरू झालं आणि काकांचे राजे थांबले. लिफ्टमध्ये ते नुसतं घड्याळ बघायचे. मला ती शांतता सहन होईना, म्हणून एकदा मीच म्हटलं, "काका, आज दावीद नाही का?" त्यांनी मोबाइल पुढे केला. डॅनियलचा एका ओळीचा मेसेज होता. योनाथनला सैन्यात बोलावलं. योनाथन म्हणजे नातू, एकोणीस वर्षांचा. काकांनी त्याला फक्त फोटोत पाहिलेला.

त्या शुक्रवारी सूर्यास्ताच्या थोडं आधी काकांनी आमची बेल वाजवली. "मेधा, पाच मिनिटं आहेत? आमेन म्हणायला एक माणूस पाहिजे. आपल्याच प्रार्थनेला आपणच आमेन म्हणणं बरं दिसत नाही." पूर्वी काकू म्हणायच्या. मी गेले. टेबलावर दोन मेणबत्त्या, एकच ताट, एकच पेला. काकांनी हिब्रूत काहीतरी म्हटलं आणि त्यात मला स्पष्ट ऐकू आलं, "सामी, आमिनाचा मुलगा." सामी हा आमच्या खालच्या फार्मसीतल्या अबू खालिदचा भाचा. अबू खालिदचं सगळं गणगोत गाझात, सामीही तिथेच. मी आमेन म्हटलं.

"आणि योनाथन?"

काका मेणबत्तीकडे बघत म्हणाले, "आमच्यात संकटातल्या माणसासाठी मागायचं तर त्याच्या आईच्या नावाने मागतात. अमक्या आईचा अमका. अबू खालिदला विचारलं, त्याने लगेच सांगितलं. योनाथनच्या आईचं नाव मला माहीत नाही."

"सुनेचं नाव माहीत नाही?"

"सारा तिला सिमी म्हणायची. सिमी म्हणजे काय? सिमोना? शिमरित? लग्नाची पत्रिका मी न उघडता फेकली. दुबईत पत्ता चुकला तर डिलिव्हरीवाला फोन तरी करतो. वरून कोण फोन करणार?"

मला हसू आलं आणि लगेच स्वतःची लाज वाटली. या माणसाला शेजाऱ्याच्या भाच्यासाठी देवाकडे मागता येत होतं आणि स्वतःच्या नातवासाठी नाही.

पुढचे तीन शुक्रवार असेच गेले. मधल्या दिवसांत काकांनी काय काय केलं! माझ्या लेकीला, इराला, कामाला लावून फेसबुक धुंडाळलं. ठाण्याच्या एका दूरच्या भाच्याला विचारलं, तो म्हणाला, आम्हीही सिमीच म्हणतो. शेवटी इरा वैतागली. "काका, जस्ट कॉल हर!"

"तिला काय म्हणू? तुझ्या लग्नाला आलो नाही, तुझं नाव सांग?"

"येस. एक्झॅक्टली दॅट."

त्यानंतरच्या शुक्रवारी त्यांनी मला लवकर बोलावलं. काकूंचा जुना मोबाइल त्यांनी अजून चार्ज करून ठेवलेला होता. नंबर त्यात होता. "तू लाव. माझं बोट नीट पडत नाही." लिफ्टच्या तारेतला केसाएवढा फरक बोटाने ओळखणारा माणूस! मी नंबर लावून स्पीकर सुरू केला. सूर्यास्ताला वीस मिनिटं होती, आणि त्यानंतर त्यांचा शनिवार लागतो, मग काका फोनला हात लावत नाहीत.

फोन तिनेच उचलला. काकूंच्या फोनवरून आलेला, त्यामुळे ती दबकतच हॅलो म्हणाली.

"मी एझ्रा," काका इंग्रजीत म्हणाले. "डॅनियलचा... एझ्रा. मला तुझं नाव हवंय. पूर्ण नाव. योनाथनसाठी."

तिला काही समजावून सांगावं लागलं नाही. "सिम्हा," ती म्हणाली. काकांनी ते कागदावर लिहिलं, दोन अक्षरांचं नाव लिहायला एवढा वेळ लागतो हे मी प्रथमच पाहिलं. ते थँक यू म्हणून फोन ठेवायला निघाले, तर ती घाईने म्हणाली, थांबा, मलाही विचारायचं आहे.

"तुमच्या आईचं नाव काय? डॅनीला माहीत नाही, तो नुसतं आजी म्हणतो. सारा गेल्यापासून दर शुक्रवारी मी तुमच्यासाठी म्हणते. आईचं नाव नाही म्हणून 'एझ्रा, साराचा नवरा' असंच म्हणते. ते चालतं का, मला माहीत नाही."

 खुर्चीच्या पाठीला धरून काका उभे राहिले, मग बसले. मला वाटलं लाइन कटली असं तिला वाटेल, म्हणून मी पुढे होऊन सांगितलं, की ते आहेत, ऐकतायत.

"मिल्का," काका म्हणाले. आणि मग इंग्रजी विसरून, मराठीतच, "माझ्या आईचं नाव मिल्का, बाळा."