सोडियम हायड्रोजन कार्बोनेटचा एक सपाट चमचा

ज्या कुणी आळशी माणसाने जगातल्या निम्म्या पांढऱ्या पुडींना 'सोडा' असं एकच नाव ठेवून दिलं, त्याला माझा सरळ प्रश्न आहे: बाबा रे, तुला एवढी घाई कसली होती? खायचा तो सोडा, कपडे धुवायचा तो सोडा, बाटली फोडून प्यायचा तोही सोडा! घरात तीन मुलं झाली आणि तिघांनाही 'बाळ' म्हणूनच हाक मारत बसला, असा हा प्रकार. तू मोकळा झालास, निस्तरायला मात्र मी.

(मी कॉलेजात रसायनशास्त्र शिकवतो. नवाच आहे. विद्यार्थी सुधारतील असं मला अजूनही वाटतं, यावरून किती नवा ते ओळखा.)

झालं असं, की बायकोने मला कोपऱ्यावरच्या दुकानात पाठवलं. मी दुकानदाराला म्हणालो, "सोडियम बायकार्बोनेट द्या."

"ते इथे नाही मिळायचं. औषधाच्या दुकानात बघा."

त्याच्या डोक्यामागच्या फळीवर पुड्यांची चळत होती. मी बोट दाखवलं.

"हा होय! मग सोडा म्हणा ना सरळ. केवढं घाबरवलंत!"

मागे उभी असलेली गिऱ्हाइकं हसली. पुडी घेऊन घरी येताना माझं रक्त उसळत होतं. आणि जिना चढताना आणखी वाईट गोष्ट लक्षात आली. 'बायकार्बोनेट' हे तरी कुठे बरोबर होतं? ते जुनं नाव. आजचं योग्य नाव सोडियम हायड्रोजन कार्बोनेट. म्हणजे गिऱ्हाइकं हसली तेव्हा मी स्वतःसुद्धा चुकीचंच बोललो होतो! सुधारणेची सुरुवात स्वतःच्या घरापासून करायची, असं मी तिथल्या तिथे, तिसऱ्या मजल्याच्या वळणावर, ठरवून टाकलं.

रविवारी मी एकसारख्या काचेच्या बरण्या आणल्या, घरातले सगळे डबे रिकामे केले आणि छापून आणलेल्या चिठ्ठ्या चिकटवल्या. मीठ गेलं, सोडियम क्लोराइड आलं. पिठीसाखर गेली, सुक्रोज आलं. व्हिनेगरच्या बाटलीवर नाव मावेना, म्हणून बाटली बदलली.

"माझे डबे कुठे गेले?" बायकोने दारातूनच विचारलं.

"भूतकाळात. हे वाच."

"हायड्रोजन कार्बोनेट? अरे, पुडीवर तर बायकार्बोनेट लिहिलंय."

"तीच तर मेख आहे! 'बाय' म्हणजे दोन. यात दोन काय आहे? सोडियम एक, कार्बोनेट एक. फार जुन्या काळच्या कुठल्या तरी तुलनेतून ते 'बाय' चिकटलं, ते सुटेचना."

"मग राहू दे की. त्याचं काय अडलंय?"

"चूक जुनी झाली म्हणून बरोबर होते का?"

"हे सगळं तू मला लग्नाआधी का नाही सांगितलंस?"

मी बरण्या भरत होतो, चिठ्ठ्या लावत होतो आणि सोबत तिला नामकरणाचा इतिहास ऐकवत होतो. (एका वेळी तीन कामं करू नयेत, हे मला आता पटलंय.) ती म्हणाली, "लाव काय लावायचं ते. मी कुठे वाचून घालते? बोट लावते, चाखते, घालते."

"प्रयोगशाळेत कुणी चाखत नाही!"

"म्हणूनच तिथे कुणी जेवायला जात नाही."

इथे थोडं गंभीर व्हायला हवं. बायकोने गेल्या वर्षी टेलिफोनवर लोकांच्या तक्रारी ऐकायची नोकरी सोडली आणि घरी केक करायला घेतले. केक अप्रतिम होतात. पण खाणारे आम्हीच. चौकातल्या बेकरीच्या मालकांनी आपल्या काचेच्या कपाटात एक फळी देऊ म्हणून कबूल केलं होतं, पण त्यांची अट होती. ते स्वतः घरी येणार आणि ओव्हनमधून काढल्याकाढल्या केक खाणार. "गार केक गोड बोलतो, गरम केक खरं बोलतो," असं त्यांचं म्हणणं. ते मंगळवारी दुपारी येणार होते. ती फळी मिळाली नाही, तर पुन्हा टेलिफोनवर जायचं, असं तिने मनाशी ठरवलं होतं. मला ते बोलली नव्हती. पण रविवारपासून ती ओव्हनची काच पुसत होती.

मंगळवारी केक ओव्हनमध्ये फुलत होता, स्वयंपाकघरात वास पसरला होता आणि मालक येण्याच्या बेतात होते. तेवढ्यात आमच्याकडेच राहणारे, पण आज सकाळीच गावाहून परतलेले सासरे पोटावर हात फिरवत आत आले. सासरे छापखान्यात मुद्रितशोधक होते. छापलेलं अक्षर दिसलं की वाचल्याशिवाय त्यांना पुढे जाता येत नाही, आणि छापलेलं खोटं असेल हे त्यांना खरंच वाटत नाही. जेवणानंतर त्यांना जळजळ होते आणि ते चमचाभर सोडा घेतात.

"जावईबापू, माझा सोडा कुठाय?"

"बाबा, या घरात आता सोडा नावाचा पदार्थ नाही."

"संपला?"

"संपला नाही. सुधारला." मी बरणी पुढे केली.

त्यांनी नेहमीसारखी मान मागे टाकली, चमचा थेट घशात उलटा केला, वर पाणी ओतलं आणि मग चष्मा पुसून चिठ्ठी वाचायला घेतली. "सो-डि-य-म... छपाई स्वच्छ आहे." पुढच्या शब्दावर ते थांबले. "हायड्रोजन?"

"हो."

"बॉम्बमधला?"

"मूलद्रव्य तेच, पण—"

('तेच' हा शब्द उच्चारल्यावर त्यापुढचा 'पण' कुणीही ऐकत नाही. नवीन अध्यापकांनी नोंद घ्यावी.)

सासरे सावकाश खुर्चीत बसले, जणू ते स्वतःच काचेचे झाले होते. मग त्यांना ढेकर आला. एरवी त्यांच्या ढेकराची घरात वाट बघितली जाते. तो आला की दुपार सुरळीत जाते. आज तो आला आणि सगळे भिंतीला चिकटले.

"काय झालं हो?" समोरच्या काकू आत आल्या. त्यांचं दार बंद कधीच नसतं, फक्त लोटलेलं असतं.

"मी हायड्रोजन खाल्ला," सासरे धीरोदात्तपणे म्हणाले.

"अगं बाई! केवढा?"

"एक चमचा."

"शिगोशीग की सपाट?"

"सपाट."

"तेवढं तरी बरं!" म्हणत काकूंनी सूत्रं हाती घेतली. "कुणी काडी ओढू नका! बटणाला हात लावू नका! आजोबा, तुम्ही ढेकर खिडकीबाहेर द्या!"

"काकू, यातून निघतो तो कार्बन डायऑक्साइड," मी म्हणालो. "तो पेटत नाही. उलट आग विझवायला वापरतात."

"म्हणजे आग लागणार हे तुम्हाला आधीपासून ठाऊक होतं!"

मी उत्तर देईपर्यंत त्या जिन्यात पोचल्या होत्या आणि कठड्यावरून वाकून ओरडत होत्या, "वॉचमन! सगळ्या इमारतीची वीज बंद कर! तिसऱ्या मजल्यावर आजोबांच्या पोटात बॉम्ब आहे!"

आमच्या वॉचमनच्या खोलीत एक मोठा लाल दांडा आहे. तो ओढायची संधी त्याला इतक्या वर्षांत कधी मिळाली नव्हती. त्याने ती सोडली नाही. पंखा थांबला. ओव्हनचा दिवा गेला. जिन्यालगतच्या लिफ्टमधून धाडकन आवाज झाला आणि आतून कुणीतरी ओरडलं, "अरे, कोण आहे रे तिकडे?"

बायकोचा चेहरा पांढरा पडला. "बेकरीचे मालक आहेत ते!"

आता वरच्या मजल्यावरचे खाली आले, खालचे वर आले. लिफ्टमधून आवाज येत होता, ओव्हन निवत होता आणि सासरे खिडकीत उभे राहून बाहेर ढेकर देत होते. वॉचमन गळ्यातली शिट्टी सावरत वर आला.

"साहेब, साधं सांगा. आजोबांनी काय खाल्लंय?"

"सोडियम हायड्रोजन कार्बोनेट."

"ते स्फोटक असतं का?"

"नाव स्फोटक नसतं. नावाविषयीचं अज्ञान स्फोटक असतं!"

'स्फोटक' हा शब्द दोनदा ऐकल्यावर सगळा जमाव पाच-सहा पायऱ्या खाली सरकला. मी हार मानली नाही. एवढे श्रोते मला कॉलेजातही मिळत नाहीत. सोडियम म्हणजे काय, 'बाय' का चूक, हे मी जिन्यात समजावून सांगू लागलो.

बायकोने माझी बाही ओढली. "केक बसतोय. एक शब्द बोल."

"कोणता?"

"तुला माहीत आहे कोणता."

"अगं, पण तो चुकीचा आहे! आज मी तो बोललो, तर—"

"तू वर्गात हवं ते म्हण," ती हळूच म्हणाली. तिचे डोळे भरले होते. "मला नाही जायचं रे परत टेलिफोनवर."

माझ्या डोळ्यांसमोर दुकानदार उभा राहिला, हसणारी गिऱ्हाइकं उभी राहिली. मग ओव्हनची ती पुसून पुसून लख्ख केलेली काच दिसली. "खायचा सोडा आहे," मी पुटपुटलो.

"मोठ्याने बोल!"

"खायचा सोडा!" जिनाभर आवाज घुमला.

"अहो, ते राहू द्या!" लिफ्टमधून आवाज आला. "आधी मला सोडा!"

वॉचमन मात्र कर्तव्यदक्ष होता. "सोडा असेल तर खाऊन दाखवा. मग दांडा वर करतो."

"आणा बरणी!" मी छाती पुढे काढून म्हणालो. सगळ्यांच्या देखत चमचा भरला (शिगोशीग) आणि तोंडात टाकला.

गोड लागला.

तो गोडवा मी आयुष्यात विसरणार नाही. नखशिखान्त गोड, निर्विवाद गोड, पिठीसाखरेचा गोड. म्हणजे ही बरणी साखरेची. म्हणजे सोडा साखरेच्या बरणीत. म्हणजे बायकोने केकमध्ये दोन वाट्या... मला ओव्हनमध्ये काय शिजत असेल त्याचं समीकरण डोळ्यांसमोर दिसू लागलं. पण खरं बोललो असतो, तर काकूंनी लगेच विचारलं असतं, "मग हायड्रोजन कुठाय?" मी तोंड वेडंवाकडं केलं. "सोडाच. काय खारट आहे!"

वीज आली. लिफ्टमधून मालक घामाघूम होऊन बाहेर आले. थोड्या वेळाने बायकोने केक बाहेर काढला. मध्यभागी खड्डा पडला होता. तिने सुरी उचलली.

"मालक, आधी पाणी घ्या," मी आडवा आलो. "पंख्याखाली बसा. केक निवू द्या, उद्या—"

"गरम केक खरं बोलतो," म्हणत त्यांनी मला बाजूला सारलं आणि घास घेतला. मी डोळे मिटले. बायकोच्या बांगड्या वाजायच्या थांबल्या.

"मध्ये बसलाय," मालक म्हणाले. "पण मीही मध्येच बसलो होतो, तेव्हा त्याचं दुःख मला कळतं. वासाने नुसता जीव काढला हो लिफ्टमध्ये. चव..." त्यांनी दुसरा तुकडा उचलला. "सोमवारपासून वरची फळी तुमची."

बायकोने सुरी खाली ठेवली. नुसतीच ओव्हनला टेकून उभी राहिली. मी तिच्याजवळ सरकून कुजबुजलो, "पण साखर आणि सोडा..."

"सकाळीच चाखलं होतं. दोन्ही चिठ्ठ्या उलट्या लावल्यास तू."

"मग सांगितलं का नाहीस?"

"विज्ञानात चाखलेलं चालत नाही म्हणालास ना."

इतक्यात खिडकीजवळून सासरे पुढे आले. चेहरा उजळलेला. "जावईबापू, मानलं तुम्हाला! जळजळ पार गेली. जन्मभर सोडा खाल्ला, पण असा गुण कधी आला नाही. नावातच ताकद आहे! आजपासून मी त्याला पूर्ण नावानेच हाक मारणार."

"खरं की काय?" काकूंनी विचारलं. "काय म्हणायचं त्याला? सोडियम..."

"हायड्रोजन," सासरे म्हणाले.

"हायड्रोजन," काकू म्हणाल्या.

"कार्बोनेट," मी हात उंचावून सांगितलं.

"कार्बोनेट!" दारात उभी असलेली सगळी मंडळी एका सुरात म्हणाली. माझ्या अंगावर काटा आला. माझा वर्ग एवढ्या उत्साहाने स्वतःची हजेरीसुद्धा देत नाही. दुकानदाराला बोलावून आणावं असं वाटलं. मी अभिमानाने बायकोकडे पाहिलं. ती छताकडे बघत होती.

"साहेब," वॉचमन पुढे झाला, "मलाही छातीत जळतं. चिमूटभर द्या की."

मी बरणी पाठीमागे लपवली. बायकोने ती माझ्या हातातून अलगद काढून घेतली आणि गोड हसून त्याच्यापुढे धरली. त्याने तळहातावर थोडी पूड घेतली, जिभेने चाटली, क्षणभर विचार केला आणि पुन्हा चाटली. सासरे, काकू, मालक, सगळे त्याच्या तोंडाकडे बघत होते.

"साहेब, जरा वाटीभरच द्या," वॉचमन म्हणाला. "घरातली साखर संपलीय."