पाच उरले तरी त्रिपदी

सहामाही परीक्षेत एका गुणाचा प्रश्न होता : '३क्ष + ५ − ३क्ष ही राशी एकपदी, द्विपदी की त्रिपदी?' एका मुलीने पाहिलं की दोन्ही क्ष एकमेकांना खाऊन टाकतात आणि मागे पाचच उरतात. तिने लिहिलं, 'एकपदी'. गणिताच्या बाईंनी गुण दिला. इतकी वर्षं शिकवताना पाच हे एकच पद आहे, याबद्दल त्यांच्या मनात कधी किंतु आला नव्हता.

दुसऱ्याच दिवशी मुख्याध्यापकांनी बोलावलं.

"बाई, वरून आलेल्या उत्तरसूचीत त्रिपदी आहे."

"पण सर, क्ष उडतात ना!"

"उडतात. पण कोणाच्या परवानगीने?"

गुण कापला गेला. त्या एका गुणाने मुलीची हुशार मुलांच्या तुकडीतली जागा गेली. मुलगी रडली नाही. फक्त तिने बाईंना विचारलं, "माझं कुठे चुकलं?" हा प्रश्न बाईंना जेवू देईना. शेवटी त्या परीक्षा विभागाच्या साहेबांसमोर जाऊन उभ्या राहिल्या.

साहेबांनी शांतपणे ऐकलं. "बाई, तुमचं बरोबर आहे. पण बाकी सगळ्या मुलांनी त्रिपदी लिहून गुण घेतलेत. ते काढून घेतले, तर पालक मला उलटं टांगतील. त्यापेक्षा एक पोरगी चुकली, हे सोयीचं."

"पण ती चुकलेली नाही!"

"म्हणूनच समिती नेमू."

'राशी वर्गीकरण पुनर्विलोकन समिती' नेमली गेली. तक्रार करणारा नजरेसमोर असलेला बरा, म्हणून बाईंनाही सदस्य केलं. एक वकील होते, एक भाषातज्ज्ञ होते आणि एक निवृत्त अभियंता होते, जे चहा आल्यावर जागे होत. वकील म्हणाले, क्षचं म्हणणं ऐकून न घेता त्याला उडवणं न्यायाला धरून नाही. भाषातज्ज्ञ म्हणाले, जे लिहिलं आहे ते आहे. उडालं म्हणून लिहिलेलं नाहीसं होत नाही. बाईंनी खडू घेऊन फळ्यावर समजावून सांगितलं. सगळ्यांनी कौतुकाने मान हलवली आणि ठराव केला : राशी दिसेल तशी मोजावी. सरळरूप देणे हा राशीच्या खाजगी बाबींत हस्तक्षेप समजावा. ज्या विद्यार्थ्यास राशी सोडवण्याची इच्छा अनावर होईल, त्याने आधी पर्यवेक्षकांची अनुमती घ्यावी.

सगळ्यांच्या सह्या झाल्या. बाईंची राहिली.

साहेब मधाळ आवाजात म्हणाले, "प्रमुख परीक्षकपदासाठी तुमचं नाव सुचवलंय. एकमताने ठराव झाला, तर बरं दिसेल."

बाईंना त्या मुलीचा चेहरा आठवला. मग आठवलं, की ज्या खुर्चीसाठी आपण इतकी वर्षं झिजलो, ती पुन्हा चालून येणार नाही. एका गुणाने काय आभाळ कोसळतं? असं म्हणत त्यांनी सही ठोकली. सही नेहमीपेक्षा जरा लहान आली, एवढंच.

शाळेच्या फाटकाशी मुलीची आई उभी होती. बाई नजर चुकवून पुढे निघाल्या. आईने मात्र हात जोडले.

"बाई, उपकार झाले तुमचे! पोरगी सुधारली. आता पुस्तकातलंच लिहिते, डोकं मध्ये घालत नाही. काल विचारलं, पाचातून पाच गेले, किती उरले? तर म्हणते, आई, खरं उत्तर सांगू की गुणांचं?"

"मग?" बाईंनी विचारलं.

"मग काय! म्हटलं, बये, खऱ्याला कोण विचारतंय? गुणांचं सांग."

आजूबाजूच्या पालकांनी माना डोलावल्या. बाईंनी मान खाली घातली, म्हणून त्यांना दिसलं नाही. पण त्या घोळक्यात तुम्हीही होतात, आणि मान डोलावलीत.